पाणकंदांचे बावीस क्रेट

पहिल्यांदा ती नजरेत भरली ती सरकारी रोपवाटिकेच्या फाटकाशी, पहारेकऱ्याशी हुज्जत घालताना. गुडघ्यापर्यंत वाळलेला चिखल, काखेत ओलं गोणपाट.

"मावशी, तो चिखल बाहेर झटका, मग आत या," पहारेकरी म्हणत होता.

"झटकायला नाही आले, द्यायला आलेय. तुझ्या साहेबांनी मागवलाय. जा, विचारून ये."

त्या दिवसापासून तिचं नाव चिखलमावशी पडलं. तिने ते मनाला लावून घेतलं नाही. हाक मारली की ओ देई.

गावाबाहेरच्या दलदलीत पाणकंद उगवत असे. पंजाएवढी पानं, पांढरी फुलं आणि खाली चिखलात लिंबाएवढा कंद. गाव वसायच्या आधीपासून मावशीची माणसं तिथे राहत होती आणि पाणकंदावरच त्यांची पोटं भरत होती. बाळाचा पहिला घास त्याचा, आजाऱ्याला उकडून द्यायचा तोही तोच. त्याच्या मुळांच्या जाळ्यात माशांची पिल्लं वाढत, पानांआड पाणकोंबड्या घरटी करत.

कंद काढायची रीत ठरलेली होती. पानं पिवळी पडली की काढायचा. कोंबाकडचा शेंडा नखाने तोडून त्याच खड्ड्यात परत ठेवायचा, टाचेने दोनदा दाबायचा, आणि नवं पान वर येईपर्यंत, म्हणजे चाळीसेक दिवस, तिथे बोट लावायचं नाही. उकरून बघणाऱ्याच्या पाठीत धपाटा बसे. मावशीने लहानपणी असे दोन खाल्ले होते आणि पुढे पाच-पंचवीस दिलेही होते.

आता धपाटे द्यायला कोणी उरलं नव्हतं. तिची माणसं एकेक करून शहरात कामाला गेली. लेकही खोकी भरण्याच्या कारखान्यात लागली होती.

"आई, बाजारात बटाटे मिळतात गं," लेक म्हणायची. "कशाला त्या चिखलात कंबर मोडून घेतेस?"

"मिळतात ना. तुला बटाट्यावर वाढवली असती तर तशीच बटाट्यासारखी गोलमटोल झाली असतीस. बरं झालं नाही वाढवली."

दलदल बुजवून तिथे गोदामं उभी राहणार, असं ठरलं. पाणकंद आता दलदलीच्या एकाच कोपऱ्यात शिल्लक होता. रोपवाटिकेचे साहेब तरुण होते आणि मनापासून झाडांचे होते. ते स्वतः चिखल तुडवत तिच्याकडे आले. "मावशी, सोमवारी भराव पडायला लागेल. जेवढे कंद निघतील तेवढे आमच्याकडे आणा. पुढे पाणथळ जागा मिळाली की परत लावू."

"फुलोरा आहे साहेब. या दिवसांत काढत नाहीत."

"सोमवारनंतर फुलोराही नसेल."

चार दिवस ती कमरेत वाकून कंद काढत राहिली. तिच्या माणसांपैकी कोणी कधी केलं नव्हतं ते तिने केलं: एकही शेंडा मागे ठेवला नाही. शेवटच्या खड्ड्याशी ती थोडा वेळ बसून राहिली. खड्ड्यात परत ठेवायला हातात काही नव्हतं.

रोपवाटिकेत बावीस प्लॅस्टिकचे क्रेट भरले. तोच चिखल, वर चार बोटं पाणी. मावशीने प्रत्येक कंद आपल्या हाताने रोवला आणि सांगितलं, "आता चाळीस दिवस कोणी हात लावायचा नाही."

तिथल्या मुकादमाची सगळी नोकरी रोपं उपसून मुळं बघण्यातच गेली होती. पंधराव्या दिवशी त्याच्याने राहवेना. "मावशी, पाणी बदलू या का? वास मारतोय."

"मग दलदलीला काय अत्तराचा वास येतो?"

"बरं, एक कंद तरी उपसून बघू. एकच."

"तुमच्या बायकोला दिवस गेले होते, तेव्हा बघितलं होतंत का उपसून?"

पिशव्या भरणाऱ्या बायका पोट धरधरून हसल्या. मुकादम कानापर्यंत लाल झाला. साहेब म्हणाले, "राहू द्या हो. यातलं त्यांना कळतं, आपल्याला नाही." त्यांनी 'हात लावू नये' अशी पाटीच लावून टाकली. मावशी रोज सकाळी येऊन क्रेटांकडे पाठ करून बसे, राखणीला.

छत्तिसाव्या दिवशी मुकादम ओरडत आला. "मावशी! आलं! नवव्या क्रेटमध्ये हिरवं आलं!"

सगळे धावले. साहेबांनी चहा सांगितला. मुकादम बोटभर कोंबाकडे असा बघत होता की जणू त्याच्याच घरी पाळणा हलला. मावशीने वाकून पाहिलं. तीन धारांचा दांडा, टोकदार पातं. लव्हाळा होता तो. चिखलाबरोबर आलेलं तण.

तिने सगळ्यांचा चहा होऊ दिला. कप गोळा झाल्यावर मग तिने क्रेटमध्ये कोपरापर्यंत हात घातला. बोटांना कंद लागला आणि दाबताच फुटला. दुसराही तसाच. मग मुकादम आणि ती, दोघांनी मिळून बावीसच्या बावीस क्रेट उपसले. नुसता लगदा.

दलदलीच्या तळाला झरे होते, तिथलं पाणी कधी थांबत नसे. हे कोणी कोणाला शिकवलं नव्हतं. शिकवायची गरजच पडली नव्हती. क्रेटमधलं पाणी पहिल्या आठवड्यातच कुजलं होतं. वेळेवर बदललं असतं, तर कदाचित.

"चूक माझी आहे," साहेब म्हणाले. "मी पाटी लावली."

"पाटी तुमची, शब्द माझा," ती म्हणाली. मग मुकादमाकडे वळली. "तुमचं ऐकायला हवं होतं, दादा."

मुकादमाने मान खाली घातली. या बाबतीत खरा ठरल्याचा त्याला काडीचा आनंद नव्हता.

नंतर पाणकंद शोधत ती बस बदलत बदलत तीन पाणथळींवर जाऊन आली. एकीत जलपर्णी माजली होती, दोन बुजल्या होत्या. गावाबाहेरच्या दलदलीवर रोलर फिरला. काही दिवस पाणकोंबड्या भरावाच्या कडेकडेने चालत होत्या, मग त्याही दिसेनाशा झाल्या. लेकीने एकदा विचारलं, "आई, त्याची चव कशी होती गं? मला नीट आठवत नाही." मावशीला सांगता येईना.

सध्या ती लेकीकडे दुसऱ्या मजल्यावर राहते. सकाळी आठच्या बसने रोपवाटिकेत जाते आणि रस्त्याच्या दुभाजकात लावायच्या फुलझाडांसाठी पिशव्यांत माती भरते.