मण्यार, कवड्या आणि आईच्या पापण्या

माझे वडील नाकेदार, म्हणजे जंगलाची राखण करणारे. बुलढाण्याजवळच्या देऊळघाट गावाच्या पुढं, रानाला लागूनच आमचं घर होतं. महाराष्ट्र राज्य होऊन थोडीच वर्षं झाली होती, मी तिसरीत असेन. बाबांना माणसांपेक्षा सापांची माहिती जास्त, हे माझं आजही ठाम मत आहे. मण्यार दुसरे साप गिळते, प्रसंगी दुसऱ्या मण्यारीलाही सोडत नाही, दिवसा वेटोळ्यात डोकं खुपसून पडते आणि अंधारात हिंडते, हे सगळं ते जेवता जेवता ऐकवायचे. आई तेव्हा भाकरी थापत असायची. तिच्याकडं कोण बघतंय!

श्रावणातली झाकोळलेली सकाळ होती. आई छपरीतल्या पऱ्हाट्या, म्हणजे कपाशीची वाळलेली झाडं, चुलीसाठी ओढायला गेली आणि बोट चोखतच परत आली. काटा टोचला म्हणाली. तिनं चूल पेटवली, भाकऱ्या केल्या. जाळ कमी पडला तेव्हा तिनं मला छपरीत पाठवलं. मी पऱ्हाट्या उचलल्या आणि किंचाळले.

बाबा धावत आले. खाली काळी कुळकुळीत मण्यार होती, अंगावर बारीक पांढरे पट्टे. तिच्या तोंडातून कवड्या सापाचा अर्धा भाग बाहेर लोंबत होता. कवड्याही तसाच पट्टेरी, पण बिनविषारी. मण्यार त्याला डोक्याकडून गिळत होती.

बाबा आईकडं वळले. "तुले काटा कवा टोचला?"

"भाकरीच्या आंधी. काऊन?"

बाबांनी तिचं बोट उजेडात धरून पाहिलं, पण खूण कशाची ते ओळखू येईना. मग ते स्वतःशीच मोठ्यानं बोलू लागले. आता दोघांचीही तोंडं अडकलेली आहेत. पण आईनं हात घातला तेव्हा ती मोकळी असतील. कवड्या चावला असेल तर काळजी नाही. मण्यार चावली असेल, तर तिचा दंश ना दुखतो ना सुजतो. आधी पापण्या जड होतात, मग श्वास अडकतो.

शेजारच्या शेतातली बैलगाडी मागून आणून आम्ही बुलढाण्याच्या दवाखान्याकडं निघालो. बाबांनी मला कामाला लावलं. "मायच्या पापण्यायवर नजर ठेव. खाली आल्या का सांग मले."

"मले काई नाई झालं," आई कुरकुरली. "भाजी उघडी राह्यली घरी."

मी तिच्या डोळ्यांवरून नजर हलवली नाही. चढ लागला, गाडी संथ झाली आणि आईच्या पापण्या खाली यायला लागल्या.

"बाबा! माय पाहा!"

बाबांनी तिचा खांदा गदागदा हलवला. "निजू नको! डोये उघड!"

"झोप येऊन राह्यली बाप्पा मले. निजू द्या थोडी."

मी तिच्या दंडाला चिमटे काढत सुटले. मला तिचा राग येत होता, इतकी मी घाबरले होते. "चिमटे काऊन घेऊन राह्यली वं?" ती म्हणाली आणि पापण्या पुन्हा मिटल्या. उरलेली वाट मी रडत चिमटे काढले.

दवाखान्यात डॉक्टरांनी तिच्या पापण्या अंगठ्यानं उचलून पाहिल्या, तिला बोलायला लावलं, मान उचलायला लावली. मग आमच्याकडं वळून विचारलं, "झोप आली की यांचे डोळे एरवीही असेच होतात का?"

बाबांनी माझ्याकडं पाहिलं, मी बाबांकडं. पट्टे कुठून सुरू होतात एवढ्यावरून मण्यार की कवड्या हे सांगणाऱ्या माणसाला बायकोचे झोपाळलेले डोळे ठाऊक नव्हते. आई आमच्याआधी उठायची, आमच्यानंतर निजायची. तिला झोप आलेली आम्ही दोघांनीही कधी पाहिली नव्हती.

"असेच रायतात," डोळे मिटूनच आई म्हणाली. "रोजच."

डॉक्टरांनी तिला ठेवून घेतलं आणि पुन्हा पुन्हा तपासलं. दिवस कलला तरी श्वास नीट चालला होता. तो काटा होता की कवड्या, ते शेवटपर्यंत कळलं नाही. "आता निजू द्या त्यांना," डॉक्टर म्हणाले.

आई निजली. बाबा स्टुलावर बसून तिच्याकडं बघत राहिले, कुणी मोठ्यानं बोललं तर ओठांवर बोट ठेवायचे. झोपेत ती एक हात गालाखाली घेते, हे आम्हा दोघांना त्या दिवशी कळलं.