बबनराव आणि दुसरा साक्षीदार

बबनराव थोरात गेले तेव्हा आमच्या धर्मप्रांताच्या मासिकाने त्यांच्यावर चार ओळी छापल्या. त्यात त्यांचं गाव चुकलं आणि पिंपरीला आल्याचं वर्षही. बबनरावांनी एवढं कधी चुकू दिलं नसतं, म्हणून मी लिहिते आहे.

ते नगरकडचे. १९६२ साली पिंपरीला आले आणि एका कारखान्यात टर्नर म्हणून लागले. एकदा मोजलेलं पुन्हा मोजायचं ही लेथवरची शिस्त त्यांच्या अंगातच मुरली होती. मासिकासाठी आमच्या मंडळीचं, म्हणजे इथल्या चर्चचं, वृत्त लिहायचं काम त्यांच्याकडे आलं, तेव्हा तीच शिस्त त्यांनी कागदावर आणली. दोन माणसांनी सांगितल्याशिवाय गोष्ट खरी म्हणून छापायची नाही. आणि ज्याचं म्हणणं लिहिलं, त्याला ते आधी वाचून दाखवायचं.

पहिली पाळी सुटली की सायकलवरून घरोघर जायचे.

"नाताळच्या जेवणाला माणसं किती होती?"

"असतील दोनशे," माझे यजमान म्हणाले. ते मंडळीचे चिटणीस होते.

"असतील की होती?"

"अहो बबनराव, जेवणाच्या बातमीला पंचनामा कशाला?"

"बरं, साहेब, पत्रावळी किती आणल्या तेवढं सांगा. माणसं मी मोजतो."

माझ्याकडे ते तारखा पडताळायला येत. कॉन्व्हेंटमध्ये सिस्टरांनी लावलेली रोजनिशीची सवय मी लग्नानंतरही मोडली नव्हती. "बाई, तुमच्या वहीत आहे म्हणजे ते घडलं," असं ते म्हणत. मला त्याचा अभिमान वाटे. म्हणूनच पुढचं लिहिणं जड जातं.

१९७० साली आमची अँग्लिकन मंडळी इतर काही मंडळ्यांबरोबर एक व्हायची होती. इथली जुनी घरं आमची; कारखान्यांमुळे नगरकडून अमेरिकन मिशनची कुटुंबं आली होती आणि आमच्याच चर्चला येत, बबनराव त्यांच्यातले. प्रभुभोजनाच्या विधीत आम्ही वेदीपुढे गुडघे टेकून सगळे एकाच पेल्यातून द्राक्षारस घेत असू. त्यांच्याकडे नगरला प्रत्येकाला बसल्या जागी वेगळा लहान पेला मिळे. एक झाल्यावर काय करायचं, यासाठी जुलैत सभा भरली.

दापोडीच्या सोजरबाई उभ्या राहिल्या. त्यांना लिहिता-वाचता येत नव्हतं. "माज्या आईला गावच्या पानवठ्याला कुनी हात लावू दिला न्हाई," त्या म्हणाल्या. "आमी हितं आलो ते ह्या येका पेल्यापायी. आता तुमी म्हनता, आपापला घ्या. आपापलं तर गावातबी हुतं की."

"त्यानं आजार पसरतात, सोजरबाई!" मागून कुणीतरी म्हणालं.

"वीस वर्सं पितीया. कोन मेलं त्येचं नाव सांग!"

सगळे हसले, आणि मग लहान पेल्यांचा ठराव मंजूर झाला.

सभेनंतर दारात आमचे धर्मगुरू, पाळकसाहेब, यांनी सोजरबाईंना थांबवलं. "महिन्याच्या पहिल्या रविवारी सगळ्यांचा एकच पेला राहील. हा माझा शब्द." शेजारी मी होते, दुसरं कुणी नव्हतं. घरी येऊन मी ते वहीत लिहिलं.

नोव्हेंबरात मंडळ्या एक झाल्या. पाळकसाहेबांची बदली झाली. पहिला रविवार आला आणि लहान पेल्यांवरच गेला. सोजरबाई ज्याला त्याला सांगू लागल्या, मला वचन दिलं होतं. बबनरावांनी पाळकसाहेबांना पत्र घातलं. उत्तर आलं, 'तसे काही स्मरत नाही.' मग ते आमच्याकडे आले. यजमान समोरच बसले होते.

"बाई, सोजरबाई म्हणतात, तुम्ही शेजारी होतात. वहीत काही आहे?"

"त्या दिवशी लिहायचं राहिलं," मी म्हणाले.

आठ वर्षांत माझ्या वहीतला एकही दिवस त्यांना कोरा मिळाला नव्हता. त्यांनी पेन्सिल परत खिशात टाकली. मग "बरं" म्हणाले आणि चहा अर्धा टाकून उठले.

त्यांचं वृत्त आलं. स्वतः लहान पेल्याच्या बाजूचे असून त्यांनी सोजरबाईंचं भाषण पुरतं छापलं होतं, आणि दुसऱ्या बाजूचंही तितकंच. शेवटी एक वाक्य होतं: 'एका सभासद बाईंच्या म्हणण्याप्रमाणे पाळकांनी वचन दिले होते; त्यास दुजोरा मिळाला नाही.'

त्या वाक्यात खोटं काही नव्हतं. पण लोकांना तेवढंच पुरलं. "काय सोजरबाई, पाळक स्वप्नात आले होते का?" असं त्यांना तोंडावर विचारत. त्या काही महिने मागच्या बाकावर बसल्या, प्रभुभोजनाआधी उठून जात. मग यायच्याच थांबल्या.

१९७९ साली माझे यजमान वारले. पुढे दोन वर्षांनी मी १९७० ची वही घेऊन बबनरावांकडे गेले. ते तेव्हा निवृत्त झाले होते. त्यांनी ते पान दोनदा वाचलं.

"मला तेव्हाच कळलं होतं, बाई. पण मला कळलं म्हणजे दुजोरा मिळाला असं होत नाही ना. त्या वाक्यानं मला अकरा वर्षं चैन नाही." त्यांनी तिथल्या तिथे दुरुस्ती लिहिली. "चला. आधी वाचून दाखवायला हवं."

सोजरबाई निघोज्याला मुलाकडे होत्या. चाकणच्या एसटीने जाऊन आम्ही पुढे पायी गेलो. त्या ओट्यावर शेंगा फोडत बसल्या होत्या. बबनरावांनी मोठ्याने वाचलं, पण सोजरबाईंना आता ऐकूच येत नव्हतं. शेवटी सून कस्तुरा कानाशी वाकून ओरडली, "पाळकांनी वचन दिलं हुतं म्हनं! ह्या बाईंनी तवाच वहीत लिवलं हुतं! तुमचं खरं हुतं!"

"मला ठावं हाय," सोजरबाई म्हणाल्या. "मी हुते की तितं." मग माझ्याकडे पाहून, "ह्यांनी लिवलं हुतं, तर लपवलं कशाला?"

नवऱ्याच्या भीतीने, असं म्हणायला मी तोंड उघडलं. पण हे मला कधी रागावून बोलले नव्हते. मी खरं ते सांगितलं, आणि कस्तुराने ते सगळ्या आळीला ऐकू जाईल असं कानात ओरडून सांगितलं:

"ह्या म्हनत्यात, ह्यास्नीबी ल्हान पेलंच बरं वाटत हुतं!"

सोजरबाईंनी एक शेंग फोडली. "त्येबी ठावं हाय. पेला घ्यायला जाताना ह्या नेहमी माज्या म्होरं सरकायच्या. माज्या मागनं कदी घेतला न्हाई."

बबनरावांची पेन्सिल थांबली. त्यांनी माझ्याकडे वळून विचारलं, "बाई, याला दुजोरा आहे?"

"आहे," मी म्हणाले.

दुरुस्ती पुढच्या अंकात शेवटच्या पानावर आली, माझ्या नावानिशी आणि या कारणानिशी. सोजरबाई परत आल्या नाहीत. पहिल्या रविवारी अजून लहान पेलेच येतात.