ऑफिस सोडून सगळ्यांना

माझा भाचा अंबरनाथ एमआयडीसीतल्या एका केमिकल कंपनीत शिफ्ट ऑफिसर आहे. लिंक्डइनवर तो आडनाव लावत नाही. वडिलांच्या नावावर थांबतो आणि इंग्रजीत टीमवर्कविषयी लिहितो. इन्स्टावर मित्राच्या बाइकवर बसून बारवी धरणाकडे बघतो. फेसबुकवर मात्र पूर्ण आडनाव, निळी पार्श्वभूमी आणि स्वाभिमानावर लांबलचक पोस्ट. 'झुकायचं नाही' हे तिथलं त्याचं आवडतं वाक्य. मी बातम्या तपासण्याचं काम करतो. एकाच माणसाचे तीन जबाब जुळत नसतील तर तिन्ही बाजूला ठेवतो. घरचा माणूस म्हणून ही शिस्त मी पाळली नाही आणि त्याच्या आणि त्याच्या आईसोबत उल्हासनगरला मुलगी बघायला गेलो.

स्थळ विहारातल्या ओळखीतून आलं होतं. आमच्याकडून 'केमिकल कंपनीत ऑफिसर' एवढंच तोंडी कळवलं होतं. मुलगी नर्स. बायोडाटात वडिलांच्या नावापुढे 'खाजगी नोकरी' एवढंच. फोटो बघूनच भाच्याने मनात होकार ठरवला होता. आठवडाभर तो दुसरं काही बोलत नव्हता.

दार मुलीच्या वडिलांनी उघडलं. ते भाच्याच्याच कंपनीतले स्टोअरकीपर निघाले. भाचा त्यांना 'स्टोअरवाले काका' यापलीकडे ओळखत नव्हता.

"या साहेब," ते म्हणाले. "म्हणजे तुम्ही आपल्यातले? चार वर्षं रोज भेटतोय की आपण."

भाचा नुसता हसला. मुलगी पोहे घेऊन आली आणि बसली. माझी बहीण मुलाची बाजू सावरायला पुढे झाली.

"अहो, जयंतीला हाच सगळ्यांत पुढे असतो. निळा फेटा बांधून! स्टेटस नाही का बघितलं त्याचं?"

"नाही हो ताई. मला कधी दिसलं नाही."

"ऑफिसवाल्यांना हाइड केलं असेल," मुलगी म्हणाली.

"तसं नाही," भाचा म्हणाला. "कंपनीत पॉलिटिक्स असतं. प्रोफेशनल राहावं लागतं."

हे खोटं नव्हतं. आडनाव कळल्यावर कंपनीत लोकांचा सूर कसा बदलतो, हे त्या खोलीत सगळ्यांनाच माहीत होतं. स्टोअरकीपरना तर जास्तच.

"मी दरवर्षी जयंतीला कंपनीत पेढे वाटतो," ते शांतपणे म्हणाले. "यंदा ह्या साहेबांनाही दिला. साहेबांनी चारचौघांत विचारलं, आज काय विशेष?"

बहिणीने हातातली ताटली खाली ठेवली. पेढा खाल्ला होता का, हे मी विचारलं नाही. खाल्लाच असणार.

मुलीने एकच प्रश्न केला. "लग्नाची पत्रिका कंपनीत वाटणार का?"

"ते बघू ना नंतर."

दुसऱ्या दिवशी दुपारी नकार आला. संध्याकाळी भाचा खरवईला माझ्या घरी हजर. चेहरा उतरलेला.

"मामा, त्यांचा नंबर काढला मी हाइडच्या लिस्टमधून. आता सगळं दिसेल त्यांना. तू एकदा बोल ना."

"आणि बाकीच्यांचे?"

"काय मामा तू पण! प्रमोशनचं चाललंय माझं."

मी फोन केला नाही. मुलीकडच्यांना सांगण्यासारखं माझ्याकडे नवं काही नव्हतं.