वाचल्याशिवाय पुसायचं नाही

अण्णा गेल्याचं कळलं तेव्हा मी इथे कतारमध्ये, लुसैलच्या ऑफिसात, मीटिंग ऐकत असल्याचा चेहरा करून बसले होते. फॅमिली ग्रुपवर जोडलेल्या हातांची रांग लागली होती. ज्यांनी त्याला घरच्या लग्नाला बोलवायचं टाळलं, तेच आता 'निर्भीड प्रकाशक' म्हणून लिहीत होते…

अण्णा माझा मावसभाऊ. पुण्यात बसून छापू नये ते छापायचा. देव, दारू, पुढारी, सगळ्यांची सालं काढणारी, पोरासोरांनी लिहिलेली कविता. शेवटच्या संग्रहावर सरकारने बंदी घातली. प्रती, हस्तलिखितं, कॉम्प्युटर, सगळं उचललं. इथल्या मराठी मंडळींसाठी आधीच पाठवलेले गठ्ठे तेवढे आमच्या अल गराफाच्या घरात उरले. मग परवानगी आली, ठरावीक ओळी काळ्या करा आणि विका. अण्णा काळे मार्कर घेऊनच दोह्यात उतरला. वाकला बिचारा, असं मला वाटलं.

"एक प्रत लपवू या," मी म्हणाले. वास्तविक मी लपवलेली वस्तू दुसऱ्या दिवशी मलाच सापडत नाही.

"शहाणे, सापडली तर तुझ्या नवऱ्याची वकिलातीतली नोकरी खलास. पुसायचंच. पण वाचल्याशिवाय नाही. मोठ्याने."

त्या शुक्रवारी धुळीचं वादळ होतं. भरदुपारी खोली पिवळी पडलेली. दार लावून आम्ही एकेक ओळ म्हणायचो आणि तिच्यावर काळं फिरवायचो. प्रत्येक ओळीनंतर अण्णा थांबायचा, कुणीतरी आत येऊन बसेपर्यंत थांबावं तसा. माझ्या मानेवर काटा… मी एसीला दोष दिला.

"डिलीटच करायचंय तर व्हाय रीड इट?" शेजारी बसून ऐकणारी माझी लेक इरा म्हणाली. तिला मराठी समजतं, वाचता येत नाही.

"जाणाऱ्याला मागून हाक मारली की तो अडतो, इरे," अण्णा म्हणाला.

पुण्याला नेलेल्या त्या काळ्या प्रतीही पुढे जप्त झाल्या. शेवटच्या फोनवर त्याचा आवाज पार खोल गेला होता. "ओळी आहेत ना गं तुमच्याकडे?" मला किराणा आठवत नाही, कविता कुठून! "इन्शाल्ला," म्हणाले. तो हसला… आणि मग थेट ती बातमीच.

गेल्या आठवड्यात, तो उतरायचा त्या खोलीतून बोलणं ऐकू आलं. इरा पलंगाच्या कडेला डोळे मिटून ओळींमागून ओळी म्हणत होती. माझ्याशी 'ओके मॉम'च्या पुढे न जाणारी पोर! आवाज तिचा, थांबणं त्याचं.

"आम्ही गप्प आहोत, म्हणून खोलीत कुणी नाही असं समजू नका."

ती थांबली. पलंग अख्खा मोकळा होता. तरी मी दारातच उभी राहिले. आत बसायला जागा नाही असं वाटलं.