कॅमेऱ्याशेजारची जागा

बोलताना मी नवऱ्याला अहो म्हणते, पण लिहिताना तो म्हणणार आहे. सगळं धुळं त्याला 'हिरो' म्हणतं, आणि हिरोला कुणी अहो-जाहो करत नाही.

तो खरंच हिरो होता. व्हिडिओ कॅसेटचे दिवस संपून सीडी आल्या, त्या काळात धुळ्यात एक गृहस्थ हौसेने उर्दू सिनेमे काढायचे. त्यांचे यंत्रमाग होते. दिवसा कापड आणि सुट्टीला सिनेमा, असा कारभार. आमचा धुळ्यातच, देवपुरात, फोटो स्टुडिओ होता आणि लग्नाच्या शूटिंगचा कॅमेरा होता. ते एकदा कॅमेरा भाड्याने मागायला आले आणि कॅमेऱ्याबरोबर कॅमेरावालाही घेऊन गेले. नवरा दिसायला देखणा, आवाज खर्जातला, आणि मामाचं गाव बुऱ्हाणपूर असल्याने उर्दू लहानपणापासून कानावर पडलेली. सावद्याच्या केळीवाल्या घरातला मुलगा उर्दू सिनेमात शेर म्हणतो, याचंच लोकांना अप्रूप वाटायचं. त्या सीडी मालेगाव, बुऱ्हाणपूरपर्यंत जायच्या. रावेरच्या स्टँडवर एकदा दोन बायका त्याला बघून इतक्या लाजल्या, की त्यांची बस सुटून गेली. मी शेजारी पिशवी घेऊन उभी होते. माझ्याकडे कुणी बघितलं नाही.

कमाई म्हणाल तर नाव सोनूबाई, हाती कथलाचा वाळा. घर माझ्या शाळेच्या पगारावर चाललं.

या सिनेमांची एक अडचण होती. गावातल्या कुठल्याही घरची मुलगी हिरोईन व्हायला तयार नसायची. मग ऑर्केस्ट्रात गाणारी एखादी बाई बाहेरून आणायची. तिला फार दिवस ठेवणं परवडायचं नाही, म्हणून तिचे सगळे शॉट एका दमात काढून घ्यायचे: हसणं, रडणं, लाजणं, वळून बघणं. ती गेली की मग हिरोचे शॉट. ती समोर नसताना तिच्याशी बोलायचं. पण नजर कुठेतरी ठरायला हवी ना? म्हणून कॅमेऱ्याला लागून कुणीतरी उभं राहायचं, आणि हिरोने त्याच्याकडे बघून बोलायचं.

ते कुणीतरी म्हणजे मी. उंची बरोबर जुळायची. रविवारी मी डबा घेऊन जायचे आणि दिवसभर तिथे उभी राहायचे. यंत्रमागवाले गृहस्थच डायरेक्टर. ते म्हणायचे, "भाभी, बस यूँ ही खड़ी रहिए, हिलिए मत."

म्हणजे ज्या डोळ्यांवर बुऱ्हाणपूरच्या बायका मरायच्या, ते डोळे माझ्याकडे बघत होते. प्रेमाचा प्रत्येक संवाद त्याने माझ्या तोंडावर म्हटलेला आहे. घरी मात्र 'भाजीत मीठ कमी आहे' यापुढे गाडी जायची नाही.

आणि त्या नजरेचीही एक गंमत होती. त्याला लहानपणापासून जाड चष्मा. हिरोला चष्मा चालत नाही, म्हणून शॉटच्या आधी तो काढून माझ्या हातात द्यायचा. चष्म्याशिवाय त्याला हातभर अंतरावरचंही धड दिसायचं नाही. लोक म्हणायचे, काय दर्द आहे डोळ्यांत! दर्द कसला, नंबर होता. पहिल्या सिनेमाच्या उत्साहात मी एकदा विचारलं होतं, तिथे उभी असते तेव्हा मी कशी दिसते? तो प्रामाणिकपणे म्हणाला, "काही नाही, नुसती पिवळी पिवळी." मी त्या दिवशी पिवळी साडी नेसले होते.

मी हसले, पण मला ते लागलं. तेव्हापासून माझी एकच इच्छा राहिली. एकदा, फक्त एकदा, त्या नजरेने त्याने मला बघावं. मला, साडीच्या रंगाला नाही. ही इच्छा कुणाला सांगण्यासारखी नाही. निवृत्त शिक्षिकेला तर नाहीच.

पुढे मोबाइल आले. सीडी कुणी घेईना, स्टुडिओत येऊन फोटो कुणी काढून घेईना. सिनेमे बंद झाले, मग स्टुडिओ बंद झाला. हिरो घरी बसला आणि त्याच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू उतरला. त्यापुढची वर्षं आठवली की आजही अंगातलं त्राण जातं. जिना उतरताना त्याचा हात धरायचा, बसची पाटी वाचायची, ताटात कुठे काय वाढलंय ते सांगायचं, फोन कुणाचा आलाय ते वाचून सांगायचं. माझे गुडघे गेलेले, बीपीची गोळी चालू. "ऑपरेशन करून घ्या" म्हणून मी किती वेळा सांगितलं, पण पालथ्या घड्यावर पाणी.

"ते माहे डोळे आहेत," तो म्हणायचा. "कोनाच्याबी हातात देऊ का?"

माझे हात मात्र चोवीस तास त्याच्याच हातात. त्याचं काही नाही.

मग एके दिवशी ते डायरेक्टर घरी आले. म्हातारे झाले होते, पण हौस गेली नव्हती. आता मोबाइलवर छोटा सिनेमा काढायचा आणि इंटरनेटवर टाकायचा म्हणाले. कथा एका म्हाताऱ्या आशिकाची. त्याची प्रेयसी आयुष्याच्या शेवटी केळीच्या बागेत त्याला भेटायला येते. "हिरो, तुम्हारे सिवा कौन करेगा? मगर चश्मा नहीं चलेगा."

ते गेले आणि हिरो म्हणाला, "डॉक्टरची वेळ घे."

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. मी इतकी वर्षं घसा कोरडा केला तेव्हा नाही, आणि सिनेमा म्हटल्याबरोबर डोळे द्यायला तयार! त्या संध्याकाळी मी नुसती खिचडी टाकली. पण वेळ घेतली. घेणार दुसरं कोण?

आधी एक डोळा झाला, मग दुसरा. थेंब घालायचे तेही मीच. काळा गॉगल मिळाला म्हणून हिरो खूश. गॉगल उतरला, आणि त्याला दूरचं चष्म्याशिवाय लख्ख दिसू लागलं. शेजारच्या अक्का बघायला आल्या. त्यांनी अहिराणीत चेष्टा केली, "भाऊ, आते बठ्ठं दिसस ना? मंग पह्यले बायकोकडे देखा!"

हिरोने वर बघितलं आणि म्हणाला, "पंखा किती मळलाय."

अक्का पोट धरून हसल्या. मी स्टूल आणलं आणि पंखा पुसला. पुसताना डोळ्यांत धूळ गेली असं सांगितलं, पण मला रडू आलं होतं. पुढचे काही दिवस त्याला सगळं दिसत होतं: फरशीवरचा तेलाचा डाग, कॅलेंडरवरची तिथी, समोरच्या गच्चीवरचं मांजर. मी सोडून सगळं.

शूटिंग सावद्याला, दिराच्या बागेत. धुळ्याहून जळगाव, जळगावहून भुसावळ, पुढे सावदा. एसटीत माझी कंबर धरली. बागेत शिरलो तर कळलं, प्रेयसीचं काम करणारी बाई बुऱ्हाणपूरहून पुढच्या आठवड्यात येणार आहे. तिचे शॉट वेगळे घ्यायचे. मला हसूच आलं. काळ बदलला, पद्धत तीच. डायरेक्टर म्हणाले, "भाभी, आप की पुरानी जगह." मी मोबाइलच्या स्टँडशेजारी जाऊन उभी राहिले.

हिरो केळीच्या दोन ओळींमधल्या वाटेवर उभा होता. पांढरा कुर्ता, केसांना काळं लावलेलं नाही, कारण कथेची तशी गरज. म्हातारपणीही रुबाबदार दिसत होता, हे कबूल करते. संवाद सोपा होता. त्याने समोर बघायचं आणि म्हणायचं, "उम्र गुज़र गई, मगर तुम आज भी वैसी ही हो."

त्याने समोर बघितलं. "उम्र गुज़र गई, मगर तुम..." आणि थांबला.

डायरेक्टरनी शब्द सुचवले. त्याने पुन्हा सुरुवात केली, पुन्हा तिथेच थांबला. आयुष्यात संवाद न विसरलेला माणूस. तो नुसता माझ्याकडे बघत होता. केसांकडे, मग तोंडाकडे, मग हातांकडे. मला वाटलं पदर घसरलाय की काय, म्हणून मी तो सारखा केला.

"तू किती थकली वं," तो म्हणाला.

डायरेक्टरना वाटलं तो मुद्दाम बोलतोय. म्हणाले, "ये तो लिखा ही नहीं है."

"हो," मी म्हणाले. "थकले."

इतक्या वर्षांत हे मी कुणाला म्हटलंच नव्हतं, कारण कुणी विचारलंच नव्हतं.

हिरो वाटेवरून चालत आला. पाण्याच्या पंपाजवळ मजुरांची एक प्लॅस्टिकची खुर्ची होती, ती उचलली, कुर्त्याच्या बाहीने पुसली आणि स्टँडशेजारी ठेवली. "बस," म्हणाला. डायरेक्टर वैतागले, भाभी बसल्या तर नजर खाली जाईल, शॉट जुळणार नाही.

"मग त्या बुऱ्हाणपूरच्या बाईलेबी बसवजा," तो म्हणाला, आणि आपल्या जागी परत गेला.

मी बसले आणि पदर तोंडावर घेतला. रडताना मी चांगली दिसत नाही, आणि आता त्याला दिसतं.