छपराकडे पाठ फिरवून

सेबाहिरे म्हाताऱ्याने दाफ्रोझाला छपराचं सगळं काम शिकवलं, पण तिच्याकडे पाठ फिरवून. आमच्या टेकडीबाहेर कोणाला सांगितलं तर थट्टा वाटते, पण झालं ते तसंच. म्हातारा अंगणात उलट्या मडक्यावर बसायचा, तोंड केळीच्या बागेकडे, हातात केळ्याच्या दारूचा पेला. मागे, वर, दाफ्रोझा पत्र्यावर खिळे ठोकत असायची. घरावर चढलेल्या बाईकडे वर मान करून बघणं पुरुषाला शोभत नाही, म्हणून बघायचं नाही. आणि शिकवल्याशिवाय तर गत्यंतर नव्हतं. मग उरला कान.

"वाकडा गेला!" तो पाठमोराच ओरडायचा.

"मुझेहे, अहो म्हातारबा, तुमच्या पाठीला डोळे आहेत का?"

"सरळ खिळा ठण्ण बोलतो. हा कुरकुरतोय, तुझ्यासारखा. उपट तो."

ती शिव्या घालत उपटायची, आणि खिळा खरोखरच वाकडा निघायचा.

बाईने घरावर चढणं आमच्याकडे किराझिरा. निषिद्ध. तसं बाईला शीळ घालणंही किराझिरा आणि गाईचं दूध काढणंही किराझिरा, पण छपराची बात न्यारी. बायको घरावर चढली की नवरा मरतो, असं आमच्या टेकडीवर प्रत्येक पोरीला दात येण्याआधीपासून ऐकवलेलं. पुरुषांनी स्वतःची किती सोय लावून घ्यावी, त्यालाही काही मर्यादा असते. पण भीती एकदा अंगात मुरली की सोय कोणाची ते कोण बघतो?

मग चौऱ्याण्णव साल आलं, कत्तलीचं. त्या महिन्यांनंतर टेकडीवर पुरुष म्हणून फारसं कोणी उरलं नाही. काही मारले गेले, मारणारे तुरुंगात गेले नाहीतर सरहद्दीपार पळाले. राहिल्या बायका, आणि डोक्यावर काही नसलेल्या भिंती. मदतीचे पत्रे ट्रकमधून आले आणि चिंचोळ्या रस्त्याच्या कडेला ढीग होऊन पडले. चढवणार कोण? सेबाहिरेला काम येत होतं, पण त्या दिवसांत त्याचा गुडघा फोडला होता. तो पत्र्यांकडे बघत नुसता बसून असायचा.

दाफ्रोझा तेव्हा तिशीचीही नव्हती. नवरा मातियास गेलेला, पदरी मूल नाही. एका सकाळी ती मातियासची विजार चढवून, वरून कापड गुंडाळून आली आणि तिने भिंतीला शिडी लावली. बायकांनी एकच गिल्ला केला.

"अगं, किराझिरा! वेड लागलं का तुला?"

"चढलं की नवरा मरतो ना?" दाफ्रोझा दुसऱ्या पायरीवरून म्हणाली. "माझा मेलाय. आता काय, दुसऱ्यांदा मरणार आहे?"

 एक जण हसली, मग दुसरी, आणि मग सगळ्याच पोट धरून हसल्या. कितीतरी महिन्यांनी टेकडीवर कोणी हसलं होतं. सेबाहिरे मात्र हसला नाही. त्याने मडकं उलटं केलं, पाठ फिरवून त्यावर बसला आणि म्हणाला, "आधी आढं बघ. आढं वाकडं असेल तर पुढचं सगळं वाकडं."

तो का हसला नाही, हे फक्त दाफ्रोझाला माहीत होतं.

तेव्हापासून आमच्या टेकडीवर नवा कायदा झाला: विधवेला चालतं. एकेक करत आणखी विधवा विजारी घालून तिच्याबरोबर वर चढल्या. आज दरीच्या दोन्ही अंगांना जी छपरं उन्हात चमकतात, त्यांतली निम्मी त्या बायकांच्या हातची आहेत. मी उगाच कौतुक करत नाही. वादळात सरकारी गोदामाचे पत्रे उडाले, दाफ्रोझाचा एक खिळा हलला नाही. काम संपलं की ती पुरुषांच्या गोलात बसून, त्यांच्याच नळीने ज्वारीची दारू ओढायची. कोणी कपाळाला आठी घातली तर म्हणायची, "तुझ्या डोक्यावरचं छप्पर कोणी घातलं रे? मग सरक थोडा."

वर्षं गेली. मुलीलाही बापाच्या जमिनीत वाटा मिळू लागला. किगालीच्या संसदेत निम्म्याहून जास्त बायका बसल्या, हे रेडिओने सांगितलं तेव्हा टेकडीवर नाच झाला. पण नवरा असलेली बाई घरावर चढायची गोष्ट? छे! इकडे दाफ्रोझाचे गुडघे बोलू लागले होते. तिच्या जोडीदारणी म्हाताऱ्या झाल्या, एक तर वारलीही. नवी माणसं कुठून आणायची? काम फक्त विधवांचं असेल तर ते टिकायला नव्या विधवा लागणार. असलं मागणं देवाकडे कोण मागेल?

अशात वेस्टिने आली. नार्सिसची बायको, नवी नवरी, धीट पोरगी. नार्सिसचं घर उभं राहत होतं. भिंती झाल्या होत्या, आणि महिन्याच्या शेवटच्या शनिवारी, उमुगांडाच्या म्हणजे श्रमदानाच्या दिवशी, सगळी टेकडी मिळून छप्पर घालणार होती.

"मावशी, मला शिकवा. माझ्याच घरापासून सुरुवात करते."

"नवरा आहे ना तुला?" दाफ्रोझा तोडून म्हणाली. "मग खालीच थांब."

पोरीचं तोंड उतरलं. जिने अख्ख्या टेकडीला तोंडावर उत्तर दिलं, तीच असं म्हणते? दाफ्रोझाला स्वतःलाही ते वाक्य जिभेवर कडू लागलं. पण तिच्या मनात एक गोष्ट रुतून बसली होती, आणि ती उपटायला तिचे हात कधी धजावले नव्हते.

मातियास जिवंत असताना ती एकदा घरावर चढली होती. तो तापाने फणफणला होता आणि फुटक्या कौलातून त्याच्या उशाशी पाणी गळत होतं. तिने इकडेतिकडे बघितलं, चढली, कौल सरकवून नीट केलं. खालून मातियास क्षीण आवाजात म्हणाला, "मांजर चढलंय का वर?" ती म्हणाली, "म्यांव." उतरताना तिला रस्त्यावर सेबाहिरे दिसला. त्याने मान खाली घातली आणि तो निघून गेला. मातियासचा ताप उतरला. आणि मग चौऱ्याण्णवचा एप्रिल आला.

टेकडीसमोर तिने विनोद केला खरा, पण इतकी वर्षं ती स्वतःला एकच गोष्ट सांगत आली होती: त्याला मी मारलं.

शनिवार उजाडला. वासे बसले, पत्रे आले. दाफ्रोझा एका हाताने गुडघा धरून शिडी चढू लागली आणि चौथ्या पायरीवर तिचा पाय लटपटला. जोडीदारणींनी तिला खाली घेतलं. तेवढ्यात वेस्टिनेने कमरेला कापड आवळलं आणि शिडी धरली.

नार्सिसची आई आडवी आली. बाई काही दुष्ट नव्हती. चार मुलांमधला तो एकच तिला उरला होता.

"नाही! माझा एकच राहिलाय गं. एकच! तो पण घालवू?"

"आई, मला काही होत नाही," नार्सिस म्हणाला.

"तू गप्प बस!" ती दाफ्रोझाकडे वळली. "तू सांग हिला. छातीवर हात ठेवून सांग. मातियास असता तर तू चढली असतीस?"

सगळ्यांनी तिच्याकडे पाहिलं. 'नाही' म्हटलं की विषय मिटत होता. सेबाहिरे केळीच्या कडेला नेहमीसारखा पाठमोरा बसला होता. त्याने पेला खाली ठेवला, पण तो वळला नाही. पाहिलेल्या त्या गोष्टीबद्दल इतकी वर्षं त्याने तोंड उघडलं नव्हतं, आजही उघडणार नव्हता.

"चढले होते," दाफ्रोझा म्हणाली.

बायकांच्या तोंडाला हात गेले. नार्सिसची आई किंचाळलीच, "बघा! बघा! म्हणूनच गेला तो!"

"मीही तेच म्हणत होते गं. रोज." दाफ्रोझा म्हणाली. "गवतावरच्या न्यायसभेत उभी राहून मी त्याला मारणाऱ्यांची नावं सांगितली. बापाच्या नावासकट सांगितली. तुम्ही सगळे होतात. त्यांनी कबूल केलं. कुऱ्हाड कोणाची, तेही सांगितलं. त्यातला एक तरी म्हणाला का, की ही छपरावर चढली म्हणून आम्ही आलो? तसं त्यांनीसुद्धा म्हटलं नाही. आणि मी घरी येऊन स्वतःलाच दोष देत बसले!"



ती नार्सिसच्या आईजवळ गेली आणि तिचा हात हातात घेतला. "ताई, तू कधी चढलीस घरावर?"

"मी? नाही गं. कधीच नाही."

"मग तुझा नवरा कुठे आहे?"

 ती बाई तिथेच मातीत खाली बसली आणि रडू लागली. दाफ्रोझाही तिच्याशेजारी बसली, दुखरा गुडघा लांब करून. टेकडीवर त्या दिवशी किती बायकांनी मनातल्या मनात तोच प्रश्न स्वतःला विचारला असेल, देव जाणे. तिथल्या दुसऱ्या कोणीच त्या एप्रिलआधी घरावर पाय ठेवला नव्हता, आणि तरी सगळ्यांच्या घरातलं माणूस गेलं होतं.

बऱ्याच वेळाने नार्सिसच्या आईने नाक पुसलं. सुनेकडे न बघताच ती म्हणाली, "चपला काढून चढ. घसरशील."

वेस्टिने चढली. नार्सिसने खालून शिडी घट्ट धरली. पत्रा बसला, हातोडी उचलली गेली. ठण्ण. ठण्ण. मग एक कुरकुर.

सेबाहिरे आपल्या मडक्यावरून काठीच्या आधाराने उठला. दाफ्रोझाला वाटलं, म्हातारा आता चिडून घरी जाणार. पण त्याने वाकून मडकं उचललं, फिरवून घराकडे तोंड करून ठेवलं आणि त्यावर बसला. मग कपाळावर हाताचा आडोसा धरून त्याने मान वर केली, आणि पहिल्यांदाच नीट बघितलं.

"पोरी," तो ओरडला, "तिसरा वाकडा आहे. उपट."