बाबनरावांची बुढी

पाचपावलीत आमच्या आणि बाबनरावांच्या घरात एकच भिंत होती, तीही अर्ध्या विटेची. पलीकडे कोण खोकलं ते इकडे कळायचं. म्हणून त्यांची बायको अनुसया वारली त्याच्या दुसऱ्या वर्षी तिचा आवाज भिंतीतून आला, तेव्हा मी परात खाली ठेवली.

“काहून जी, तिसऱ्यांदा चहा? पोटात भट्टी लावली का?”

बोलणं हुबेहूब तिचंच. मी जाऊन दारातून डोकावले. बाबनराव खाटेवर एकटेच बसलेले, दोन्ही हातांत चिंध्यांच्या बाहुल्या. एक बुढा, एक बुढी.

ते शाळेत गुरुजी होते. मुलांना बाहुल्यांचे खेळ करून दाखवायचे. रिटायर झाल्यावर टीव्हीवाल्यांनी मुलांच्या कार्यक्रमासाठी बुढा-बुढीच्या गोष्टी लिहायला सांगितल्या. ते लिहून मुंबईला पाठवत, तिकडे दुसरेच लोक बाहुल्या नाचवत. बाबनराव प्रत्येक वाक्य आधी बाहुलीच्या तोंडी घालून बघायचे. जमलं तरच कागदावर.

आमच्या ओळीत टीव्ही एकट्या धोंडबा मिस्त्रीकडे. मी दुसरीपर्यंत शिकलेली, पण टीव्ही बघायला शाळा लागत नाही. बुढी बुढ्याला झापायची, पोरं लोळून हसायची. बाबनराव हसायचे नाहीत. “इथं ती थांबत होती जराशी,” एवढंच पुटपुटायचे.

चौऱ्याऐंशी साल असेल. एक दिवस ते माझ्या दारात आले. बसा म्हटलं तर बसले नाहीत.

“वहिनी, बाई गावाले जाते तवा काय काय करतात?”

“कोण चाललं?”

“बुढी. टीव्हीवाले म्हणते, लय खेकसते, तिले गावाले पाठवा. तिच्या जागी ससा पाहिजे त्याईले. मी नाही लिहिलं त दुसऱ्याकडून लिहून घेतीन.”

“मग घेऊ द्या न जी. चिंध्याच त आहेत.”

ते उंबऱ्याकडे बघत राहिले. “अनुले दवाखान्यात नेलं तवा रिक्षात घातलं अन् निघालो. चपला घरीच राहिल्या तिच्या. दुसरा कोणी लिहीन त तो बुढीलेही तसाच काढून देईन.”

मग मी सांगायला बसले. सवाशीण रिकाम्या ओटीनं उंबरा ओलांडत नाही. खण, नारळ, तांदूळ लागतात. शिदोरीत भाकरी आणि भिवापुरी मिरचीचा ठेचा.

“अन् एका झटक्यात निघू नका देऊ तिले. बाई उठते, तिले दुधाची आठवण होते, बसते. पुन्हा उठते, किल्लीचं सांगते. पहिल्याच खेपेले निघाली त समजा भांडून चालली.”

बाबनराव हसले. “अनुच्या पायी एकडाव उमरेडची गाडी चुकली होती.”

मग कितीतरी दिवस भिंतीपलीकडे बुढी निघायची आणि राहायची. दूध झाकलं का. कुलूप ओढून पाहजा. मांजरीले हाकलू नका. टपालाची तारीख आली तेव्हा कुठं तिला निघू दिलं.

तो भाग आम्ही सगळ्यांनी मिस्त्रीकडे बघितला. बुढी उठली, बसली, पुन्हा उठली. पोरं दरवेळी हसली. शेजारणीनं तिची ओटी भरली. “येतो बरं,” म्हणाली आणि गेली. पायात चपला होत्या. बातम्या लागल्या तरी बाबनराव पडद्याकडेच बघत होते.

पुढं सशाचं बरं चाललं म्हणे. पोरांना आवडला. बाबनराव त्याचंही लिहायचे. पण भिंतीतून ऐकलं की कळायचं, बुढा बोलायचा, मग थांबायचा. ती जेवढं बोलली असती तेवढा वेळ. मग ससा बोलायचा.

एकदा संध्याकाळी मी भाकरी थापत होते. “चहा ठेवतो बुवा,” पलीकडे बुढा म्हणाला. थांबला. ससा काही बोलेना. बराच वेळ झाला.

मी पिठाच्या हातानंच भिंतीकडे तोंड केलं. “काहून जी, तिसऱ्यांदा?”

माझी तव्यावरची भाकरी करपली.

“दुसराच आहे, वहिनी,” आवाज आला. बुढ्याचा नव्हता, बाबनरावांचा होता.